मलिदा कशाचा?

भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नाही, आधीच सांगते. मी बेळगावात राहते, कॉलेजात इतिहास शिकवते. ज्यू समाज, त्यांचे कायदे, ज्यू नेमकं म्हणायचं कुणाला, हा माझा अभ्यास. संशय घेणं हाच धंदा म्हणा ना!

मागच्या वर्षी निपाणीचं एक प्रकरण आलं. सुशीलाआक्का, ऐंशीच्या पुढच्या, जन्मभर विड्या वळलेल्या. म्हणायच्या, आई बेने इस्रायली, म्हणजे आपल्याकडची मराठी ज्यू, वडील हिंदू. आई लवकर गेली, बेळगावच्या ज्यू दफनभूमीत आहे. आक्कांना तिच्याशेजारीच जागा हवी होती. ज्यू कायद्यात धर्म आईकडून येतो... पण ही तिचीच मुलगी कशावरून? दफनभूमी बघणाऱ्या मंडळींनी माझं मत मागवलं.

माझा संशय नातवावर. मुलीचा मुलगा, तिशीतला. "मॅडम, आज्जी ज्यू ठरली तर मला इस्रायलला जाता येतंय का ओ?" हे त्याने फोनवरच विचारलेलं. घरी गेले तर आक्का ज्यू सणांची नावं घडाघडा म्हणायला लागल्या. पढवलेला पोपट! म्हटलं थांब, बघतेच.

"आक्का, आई मलिदा कशाचा करायची?"

मलिदा हा त्यांचा नवसाचा प्रसाद. पोहे, खोबरं, साखर. निपाणीत मात्र मलिदा म्हणजे दर्ग्यातला.

"चपाती कुस्करायची, गूळ घालायचा..."

सापडल्या! मी उठलेच. तेवढ्यात आतून बाईचा आवाज, चिडलेला, अगदी स्पष्ट —

"चपातीचा न्हवं गं! पोह्याचा. किती डाव सांगू?"

आक्का रडायलाच लागल्या. "व्हय गं आई... इसरलंच बघ."

मी तडक आत. स्वयंपाकघर रिकामं. मागे दार नाही, खिडकीला जाळी. नातू माझ्यासमोरच बसलेला, पांढराफटक. त्याचा मोबाईल हिसकावून बघितला, फळीवरचे डबेसुद्धा हलवले. काही नाही!

आक्कांनी माझा हात धरला. "तुमीबी ऐकलासा न्हवं? मला वाटायचं, मलाच ऐकू येतंय. लोक याड लागलंय म्हणत्यात."

"ऐकलं," मी म्हणाले. घाबरले होते, खोटं कशाला बोलू?

मत आक्कांच्या बाजूने दिलं. मंडळींनी पुरावा विचारला. म्हटलं, तोंडी साक्ष. कुणाची? आक्कांच्या आईची. त्यांनी जागा मंजूर केली.

श्रावणात आक्का गेल्या. आईशेजारीच आहेत.

नातवावरचा संशय काही जाईना. दफन झाल्यावर त्याला बाजूला घेतलं. "आता तरी खरं सांग, आत कोण होतं?"

तो म्हणाला, "मॅडम, ते मीच तुमाला इचारणार हुतो. आज्जीला पारखायला कुणाला आणून बसवलेलासा?"