धुरपताच्या दोन चाली

खेमराज उकेशिवाय बिरसी गावच्या टोलीवस्तीत चौदा एप्रिलचा कार्यक्रम उभा राहत नसे. भीमगीतं कोणीही गावोत, ढोलकी खेमराजचीच. तो धानाच्या बांधीत शेतकामाला गेला, की त्याची पोरगी रंजिता ती ढोलकी खुंटीवरून काढायची आणि दार लोटून वाजवत बसायची. एकदा त्यानं अंगणातून ऐकलं. आई भागीरथाला वाटलं, आता पोरीची काही खैर नाही. खेमराज आत आला, पोरीसमोर उकिडवा बसला नि म्हणाला, "डावा हात ढिला पडून राहिला तुया. दाब."

रंजिताचं शिक्षण असं सुरू झालं. ती बिघडली मात्र भावामुळं, असं भागीरथा शेवटपर्यंत म्हणत राहिली.

रत्नपाल नागपूरला कॉलेजात होता. १९९९च्या दिवाळीत तो घरी आला तो एक कॅसेट घेऊन. वसतिगृहातल्या कोणाकडून तरी भरून आणलेली, कुठल्याशा परदेशी बँडची. टेपवर लावली तेव्हा खेमराजनं कान झाकले. भागीरथा चुलीपासून ओरडली, "गाणं होये का भांडण?"

"पंक म्हणतात याले, माय," रत्नपाल म्हणाला. "तीन सूर, दोन मिनिटं, अन् गळा फाटेपर्यंत बोंबलणं. शिकायचं काई कामच नाई."

रंजिताला त्यातला एक शब्द कळला नाही. पण मागं जो कोणी ढोल बडवत होता, तो काहीतरी अंगावर आल्यासारखा बडवत होता. तिनं कॅसेट मागं फिरवून पुन्हा लावली.

भावंडांनी आपलाही तसा बँड काढायचं ठरवलं. तिसरा गडी मिळाला कामठ्याचा उमेंद्र कटरे. पोवार जातीचा पोरगा, गिटार आपलं आपण शिकलेला. त्याच्या मामाचा गोंदियात मंडप-साउंडचा धंदा होता. मामाच्या गोदामात सतरंज्या नि भोंग्यांच्या ढिगाआड एका बँड पार्टीनं टाकून दिलेले ड्रम होते. रंजिता सायकलनं गोंदियाला शिवणक्लासला जायची आणि परतताना गोदामात शिरायची. टोलीत कुजबुज झाली. एका पाहुण्यानं तर पोरगी बघून झाल्यावर निरोप धाडला, की बाकी सगळं ठीक आहे, पण मुलगी ढोल बडवते असं ऐकलं.

बँडचं नाव रत्नपालनं ठेवलं, 'कोंडा'. जिल्हा राईस मिलांचा. तांदूळ ज्याचा त्यानं नेल्यावर खाली जे उरतं ते. गाणी इथल्या झाडीबोलीत होती, दोन-दोन मिनिटांची. बसवर, पंचायतीवर, उन्हाळ्यात आटलेल्या बोरिंगवर. लोक हसायचे. भ्यायचं अजून कोणाला काही कारण नव्हतं.

ते कारण घडलं २००१च्या उन्हाळ्यात. उकेंच्या शेजारची धुरपता एका शेठाच्या उसना मिलमध्ये, जिथं धान उकडून तांदूळ काढतात तिथं, धान उलटवायच्या कामावर होती. बॉयलरचा जुना पाइप फुटला आणि वाफ तिच्या अंगावर आली. दवाखान्यात ती वाचली नाही. मिलवाल्यांनी सांगितलं, बाई जिथं जायला नको तिथं गेली, चूक तिचीच. दुसऱ्या दिवशी भट्टी पुन्हा पेटली. धुरपताचा नवरा छोटेलाल आठवडाभर अंगणात बसून राहिला आणि मग तोही कामावर गेला, कारण जायला दुसरीकडं कुठं नव्हतं.

रत्नपालनं गाणं लिहिलं. चाल रंजिताची होती, म्हणजे वेग तिचा होता. ती सुरुवात करी, बाकीचे धावत सुटत.

"धुरपता गेली, भट्टी चालू,
कोण बोलला? कोणी नाही!
वाफ कोणाची? शेठाची!
भाजली कोण? कोणी नाही!"

ही पहिली कॅसेट त्यांनी गोदामातच भरली, एका साध्या टेपरेकॉर्डरवर. गिटार कर्कश, आवाज फाटलेला, आणि ड्रम इतके पुढं की टेप थरथरत असल्यासारखं वाटे. पण चहाच्या टपऱ्यांवर, ऑटोत, मिलच्या हमालांत ती फिरली. "कोणी नाही!" हे रस्त्यानं जाणारी पोरंही ओरडू लागली.

मग बाजारातून कॅसेट दिसेनाशा झाल्या. कोणीतरी सगळ्या उचलून नेल्या होत्या. आणि एका दुपारी टोलीत जीप थांबली. शेठाचा दिवाणजी नंदलाल उतरला. खाटेवर बसला, भागीरथानं दिलेला चहा फुंकून-फुंकून प्याला. मिलचं, गाण्याचं, धुरपताचं नावही त्यानं काढलं नाही. जाताना खेमराजला म्हणाला, "पोरगी आपकी अच्छा बजाती है, सुना मैंने. हातांले जपा म्हणा तिले."

जीप गेली तरी खेमराज दारात उभा होता. रंजिता आतून म्हणाली, "बाबा, भेव नोको."

"मी भेलो नाई," तो म्हणाला. पण त्या दिवसापासून ती सायकलनं निघाली, की तोही काहीतरी निमित्त काढून मागं-मागं निघे.

चार-पाच वर्षं बँड नुसता इकडंतिकडं वाजत राहिला. उमेंद्रला ते खुपत होतं. तो खरा वाजवणारा होता; तीन सुरांत त्याचा जीव गुदमरायचा. २००६ साली त्यानं बातमी आणली, की मामाच्या ओळखीचा एक माणूस खर्च करतो आहे, नागपूरच्या स्टुडिओत सीडी करायची. तिघं गेले. काचेपलीकडं बसून रंजितानं सगळी गाणी वाजवली, 'धुरपता' सुद्धा, जुन्याच वेगानं. मिक्सिंगसाठी उमेंद्र आणि रत्नपाल मागं थांबले. ती एकटी परतली.

सीडी येते-येते म्हणत महिने गेले. दसऱ्याच्या आधी रंजिता गोंदियाच्या बाजारात ऑटोत बसली होती. ड्रायव्हरनं गाणं लावलं. आधी कीबोर्ड, मग बासरीसारखं काहीतरी, आणि मग तिच्या भावाचा आवाज, पण तुपात बुडवून काढल्यासारखा:

"धुरपता हसली, बांधी हिरवी,
पायात तिच्या पैंजण गं..."

तिला वाटलं, ऑटो कुठंतरी आदळला. तिनं दांडी घट्ट धरली.

"किसका गाना है, भैया?"

"कोंडा का, दीदी. नया माल है. ड्रम सुनो, क्या बजाया है!"

ड्रम तिचे नव्हते. मशीनचे होते, सगळे ठोके सारखे, एकाही ठोक्यामागं हात नव्हता.

ती तिथूनच गोदामात गेली. उमेंद्र तारा बदलत होता, रत्नपाल कागद चाळत होता. तिनं काही विचारायच्या आधीच दोघांना कळलं.

"पैसा कोणाचा होता?" तिनं विचारलं.

उमेंद्रनं खाली बघितलं. "शेठाच्या साळ्याचा, शेठाणीच्या भावाचा. तो जिल्हा परिषदेले उभा होऊन राहिला. पण रंजिता, सुन ना, साउंड तो देख! आपण कधी असे वाजलो होतो का?"

"मी कुठं वाजली त्यात?" ती भावाकडं वळली. "अन् तू? तुया गळ्यातून निघालं ते कसं?"

रत्नपालनं कागद खाली ठेवले. मग म्हणाला, "नंदलाल स्टुडिओच्या खाली भेटला मले. तू सायकलनं कोणत्या रस्त्यानं जाते, कोणत्या वळणावर कोणीच नसते, सारं सांगितलं त्यानं. तुया एकेका दिवसाचं. मी काय करायचं होतं?"

"मले विचारायचं होतं."

"तू नाई म्हणली असती."

"म्हणूनच नाई विचारलं. माया नावानं तू भेला, अन् मलेच गाण्यातून काढलं."

ती घरी आली ती थेट छोटेलालच्या अंगणात गेली. तिला वाटत होतं, हा माणूस पेटून उठेल. तो पेटला तर टोली पेटेल. दिवाळीनंतर बिरसीची मंडई, गावची जत्रा, होती, तिथं कोंडाचा कार्यक्रम ठरला होता आणि पाहुणा म्हणून शेठाचा साळाच येणार होता.

"काकाजी, नवीन गाणं आयकलं का?"

"आयकलं."

"तुमी म्हणान तर मंडईत जुनंच वाजवतो आमी. त्याच्या तोंडावर."

छोटेलाल सुपानं धान पाखडत होता. हात न थांबवता म्हणाला, "मले नवीनच आवडते, बाई."

रंजिताला ऐकलं ते खरं वाटेना.

"जुन्यात ती दरवेळी मरते," तो म्हणाला. "चहा प्यायले बसलो का मरते, बाजारात गेलो का मरते. लोकांले कळले पायजे, हाव. पण मले कायले आयकवता पुन्हा-पुन्हा? नवीन गाण्यात ती हासते. तशीच हासे ती. पैंजण मात्र कधी घातले नाई तिनं, कुठून आणन?"

रंजिताला त्या रात्री झोप नव्हती. जे गाणं तिला सत्य वाटत होतं ते एका माणसाला रोज भाजत होतं. आणि जे शुद्ध खोटं होतं, त्यात त्याला बायको सापडली होती.

मंडईच्या दिवशी दुपारपासूनच आखराचं मैदान माणसांनी फुललं. पाळणे, जिलबीच्या कढया, पोरांच्या पिपाण्या. मंचासमोर पहिल्या खुर्चीवर शेठाचा साळा, गळ्यात हार. नंदलाल बाजूला जनरेटरपाशी उभा, सोबत चार-पाच गडी. खेमराज मंचाच्या पायरीवर बसलेला. आणि गर्दीच्या कडेला, पांढऱ्या टोपीत, छोटेलाल.

"नवीनच चाल," उमेंद्र तिच्या कानाशी म्हणाला. "हात जोडतो."

तिनं मान डोलावली. उमेंद्रला हायसं वाटलं.

गाणं सुरू झालं, हळू, गोड. रंजितानं मशीनपेक्षाही हळुवार वाजवलं. धुरपता हसली, बांधी हिरवी. साळा मांडीवर ताल धरू लागला. छोटेलालनं मान थोडी खाली घातली होती. एक कडवं झालं, दुसरं झालं. रंजितानं त्याच्याकडं पाहिलं. त्यानंही वर पाहिलं. मग तो हळूच वळला आणि गर्दीतून वाट काढत पाळण्यांच्या पलीकडं गेला. तिला वाटलं, त्यानं तिला परवानगी दिली. तसं होतं की नाही, हे तिनं त्याला पुढं कधी विचारलं नाही.

तो दिसेनासा झाला तसा तिनं वेग वाढवला. थोडा, मग अजून थोडा. उमेंद्रची बोटं मागं पडू लागली. रत्नपालनं वळून बघितलं. मानेनंच नको म्हणाला. ती थांबली नाही. पैंजणाची ओळ त्या वेगात बसेना, शब्द अडखळले आणि एका ठोक्याला रत्नपाल गप्पच झाला. नुसते ड्रम उरले. सगळा आखर त्याच्या तोंडाकडं बघत होता.

"धुरपता गेली," तो म्हणाला. आधी जवळजवळ पुटपुटल्यासारखं. मग गळा फाडून, "भट्टी चालू! कोण बोलला?"

"कोणी नाही!" मागून हमालांनी उत्तर दिलं.

नंदलालनं जनरेटर बंद केला. माइक मेला, गिटार मेली. ड्रमला वीज लागत नव्हती. "वाफ कोणाची?" आता रत्नपालला विचारायचीही गरज नव्हती, आखरच विचारत होता, आखरच सांगत होता. साळा हार काढून उठला. खुर्च्या उलटल्या. नंदलालचे गडी दांडे घेऊन मंचावर चढले, ते सरळ रंजिताकडं. खेमराज एकाच्या कमरेला लटकला. आणि दुसऱ्याच्या दांड्यासमोर, तिचा हात जिथं होता तिथं, उमेंद्रनं आपला हात घातला.

हाड मोडल्याचा आवाज तिनं ऐकला. मग माणसं मंचावर धावून आली, गडी पळाले.

त्यानंतरचं सांगण्यासारखं थोडंच आहे. पोलिसांत तक्रार झाली, तिचं काही झालं नाही. साळा निवडणूक हरला, पण ते गाण्यामुळं असं कोणी छातीठोक सांगू शकत नाही. शेठाचं काही वाकडं झालं नाही. त्यानं बॉयलर मात्र नवा बसवला. उमेंद्रच्या डाव्या हाताची दोन बोटं पुन्हा वाकली नाहीत, गिटार संपली. दवाखान्यात रंजिता त्याच्याजवळ बसली होती, तेव्हा तो म्हणाला, "माफी-बिफी मागू नोको. मी बी मागत नाई." दोघं तेवढ्यावरच थांबले. रत्नपाल नागपूरला नोकरीला लागला. छोटेलालनं रंजिताशी बोलणं सोडलं नाही, पण मंडईचा विषय आला की तो उठून बैल बघायला जाई.

बँड बंद पडला असंच सगळे धरून चालले. रंजितानं आमगावला मोबाइलचं दुकान टाकलं, रिचार्ज मारायचं आणि मेमरी कार्डात गाणी भरून द्यायचं. दिवसभर दुसऱ्यांची गाणी. २०१२ साली उमेंद्र एक जुना कॉम्प्युटर घेऊन दुकानात आला. तो आता वाजवत नव्हता, कॉम्प्युटरवर आवाज जोडत होता; ऐकायला शिकला होता.

तिसरा अल्बम त्यांनी टोलीतल्या समाजभवनात भरला. बिरसीच्या विमानतळावरून उडणारी शिकाऊ वैमानिकांची विमानं मध्येच डोक्यावरून घरघरत जायची. उमेंद्रनं आधी ते आवाज काढायचा प्रयत्न केला, मग तसेच ठेवले. गाणी लांब होती, संथ. ठोक्यांमध्ये इतकी जागा की माणसाला आपलाच श्वास ऐकू यावा. रत्नपाल सुट्टीच्या दिवशी येऊन गायचा, न ओरडता. धुरपतावर एकही गाणं नव्हतं. रंजितानंच नको म्हटलं.

पहिला कार्यक्रम गोंदियात एका छोट्या सभागृहात झाला. तिसऱ्याच गाण्याला मागून कोणीतरी ओरडलं, "ए, फास्ट बजाओ ना! कोंडा बुढ्ढा हो गया क्या?" लोक हसले. रत्नपालनं सवयीनं बहिणीकडं पाहिलं.

रंजितानं वेग वाढवला नाही. ज्यांना जायचं होतं ते उठून गेले. बाकीच्यांनी खुर्च्या पुढं ओढल्या.