अंजिराची बिस्किटं आणि भाईचा हात

दोन हजार तेवीस साल. मी एकाहत्तर वर्षांचा होतो, आणि इथं आखातात, आमच्या ओल्ड एअरपोर्ट भागातल्या बिल्डिंगीत, माझ्या वरच्या मजल्यावर, एक म्हातारा तापलेल्या ओव्हनमध्ये उघडा हात घालून गावांची नावं घ्यायचा.

"माणगाव... मोर्बा... साई... म्हसळा..."

मोर्ब्याला हात बाहेर आला तर ओव्हन जास्त तापलाय. म्हसळ्याला आला तर बरोबर. श्रीवर्धनपर्यंत हात आत राहिला तर अजून थंड आहे, थांबायचं. हा त्याचा एस्टीनं घरी जायचा रस्ता. नावंही तो एस्टी जाते तशीच घ्यायचा, ओढत ओढत.

सगळे त्याला भाई म्हणत. मीही. दुखानला तेल कंपनीच्या वसाहतीत तो एका इंग्रज साहेबाकडे खानसामा होता. इमारतीला बाहेरून पाइपांची परांची बांधतात ना, ती बांधणाऱ्या टोळीचा मी मुकादम. शिकलो चौथीपर्यंत, पण माझ्या हाताखालची एकही परांची कधी कोसळली नाही, हे आधीच सांगून ठेवतो. म्हातारपणी दोघंही आपापल्या मुलाकडे, एकाच बिल्डिंगीत आलो.

त्या साहेबाच्या मेमनं भाईला अंजिराची बिस्किटं शिकवली होती. सुके अंजीर कापून काळ्या चहात मऊ शिजवायचे, लिंबाची साल किसून घालायची. लोणी घातलेल्या कणकेची लांब पट्टी लाटायची, मधोमध अंजिराची ओळ, पट्टी गुंडाळून सांधा खाली. वर काट्यानं रेघा ओढायच्या, मग तुकडे. हे वाचायला सोपं आहे. मी एकदा करून पाहिलं, सांधा फुटला आणि अंजीर सगळ्या ट्रेभर पळालं.

"मुकादम, तू लोखंडच बांध," भाई म्हणाला.

शेजारच्या अरब बाईनं एकदा डबाभर खजूर पाठवला. बिस्किटांत हा भरा, आमच्याकडचं खजुराचं मामूल छान होईल, असा निरोप. भाईनं खजूर खाल्ला, डबा धुऊन त्यात अंजिराची बिस्किटं भरून परत पाठवली. "मामूल तिचं, हे माझं," म्हणाला. "दोन्ही असू देत की दुनियेत."

साखरेचा आजार आम्हा दोघांनाही. बिस्किटं बिल्डिंगीतल्या पोरांना जायची आणि आम्ही फक्त चव बघायला एकेक घ्यायचो. मग चव नीट कळली नाही म्हणून अजून एक. डॉक्टर उगाच घाबरवतात, यावर आमचं एकमत होतं.

त्याची सून ओव्हनचा आकडा लावून ठेवायची. "अब्बा, वन एटी लावलंय. हात कशाला घालता?"

"आकडा ओव्हनला ठाऊक. मला नाय."

त्या साली रमजाननंतर बिस्किटं करपायला लागली. आधी तळाशी, मग सगळीच. पोरं जिन्यात ती हळूच खिशात टाकून जायची, खायची नाहीत. मला ते दिसायचं. भाईलाही दिसत असणार.

"ओव्हन बिघडला," तो म्हणायचा. "तापतच नाय, खलास झाल्यासारखा."

एका दुपारी मी त्याच्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसलो होतो. सून कामावर, मुलगा लुसैलला ऑफिसात. भाईनं ओव्हन उघडला. झळ माझ्या तोंडावर आली, इतक्या लांब. त्यानं हात घातला.

"माणगाव... मोर्बा... साई..."

मी वाट पाहत होतो. म्हसळा गेलं. श्रीवर्धनही गेलं.

"बघ, थंडच आहे," तो म्हणाला. हात आतच.

"भाई, हात काढ."

"अरे थांब, अजून..."

मी उठून त्याचं मनगट धरून ओढलं. तळहाताची करंगळीकडची कड आतल्या जाळीला टेकली होती, तिथली कातडी जाळीलाच राहिली. भाईनं हात उलटासुलटा करून पाहिला, जसा दुसऱ्या कुणाचा असावा.

"दुखत नाय," तो म्हणाला. पहिल्यांदा अभिमानानं. मग पुन्हा, हळू आवाजात, "मुकादम, दुखत नाय रे."

नळाखाली हात धरला तेव्हा पाणी गार आहे की कोमट, तेही त्याला सांगता येईना.

"पोराला बोलू नको," तो म्हणाला. "त्याला निमित्तच हवंय. गावी पाठवेल. तिथं कोण आहे? बायको गेली, घराला कुलूप. मी कुणासाठी बिस्किटं करू, कुलपासाठी?"

मी बोलणार नाही असं म्हणालो. आणि तिथून माझी झोप गेली.

माझ्या टोळीतल्या एका माणसाच्या पायाचा अंगठा असाच साखरेनं बधिर होऊन काळा पडला आणि कापावा लागला होता, ते आठवायचं. लिंबाच्या सालीचा वास खाली आला की मी जेवण टाकून वर धावायचो आणि त्याच्याआधी ओव्हन उघडायचो. भाई हाताला फडकं गुंडाळून हिंडायचा. सुनेला म्हणायचा, सुरी लागली. मी रोज म्हणायचो, दाखव. तो म्हणायचा, इन्शाल्ला बरा होतोय. मग एक दिवस लिंबाच्या वासाखाली दुसरा वास आला. तुम्ही कुणाची जखम चिघळलेली जवळून पाहिली असेल तर तो वास तुम्हाला सांगायला नको.

संध्याकाळी त्याचा मुलगा लिफ्टमध्ये भेटला. मी त्याला सगळं सांगितलं.

"काका, बरं केलंत," तो म्हणाला आणि लिफ्ट परत वर नेली.

करंगळी कापावी लागली. हात वाचला. आणि भाई म्हणाला होता तसंच झालं: मुलानं तिकीट काढलं. गावी पुतण्या बघेल, इथं दिवसभर घरात कोणी नसतं, ओव्हन समोर. मुलाचं काही चुकलं असंही मला म्हणता येत नाही.

हॉस्पिटलातून आल्यावर भाई माझ्याशी बोलला नाही. मी वर जायचो, सून चहा द्यायची, तो भिंतीकडे तोंड करून पडलेला. मीही हट्टी. माफी मागितली नाही. मागणारही नाही. हात वाचला की नाही?

जायच्या दिवशी भर दुपारी मुलानं गाडी दारात आणली. उन्हानं फरशी पांढरी पडली होती. मी न विचारता त्याची बॅग उचलली आणि लॉबीतून गाडीपर्यंत नेली. भाई मागून आला. मला वाटलं, न बोलताच बसेल. तो गाडीचं दार धरून उभा राहिला आणि माझ्या पायांकडे बघू लागला.

"मुकादम, तुझी चप्पल कुठंय?"

मी खाली पाहिलं. डाव्या पायात चप्पल नव्हती. ती मागे लॉबीच्या दाराशी पडली होती. त्या तापल्या फरशीवर मी अनवाणी पाय टेकून उभा होतो, आणि मला चटका जाणवतच नव्हता.

"कधीपासून?" त्यानं विचारलं.

"निसटली असेल," मी म्हणालो.

"कधीपासून, ते विचारतो."

मुलगा म्हणाला, "अब्बा, यल्ला, उशीर होतोय." भाईनं फडक्यातला हात माझ्या खांद्यावर ठेवला, जड, आणि आत बसला. गाडी वळेपर्यंत तो मागच्या काचेतून माझ्या पायाकडेच बघत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी माझ्या सुनेच्या आधी उठलो, मोजे काढून पलंगावर बसलो आणि ती चहा घेऊन आली तेव्हा दोन्ही पाय तिच्यासमोर वर केले. "जरा बघ," म्हणालो, "आणि मग दवाखान्यात फोन लाव."