धुळा माळ्याचे खडे

धुळाला बागेतून मी काढवलं. मीच, चंपाबाईनं. आता खोटं कशाला बोलू?

सांगलीत आमच्या गल्लीसमोरची ती बाग म्हणजे आधी विटांची माती काढलेला खड्डा. डास नि बेडकं, दुसरं काही नाही. संस्थानानं तो गाळ टाकून बुजवला. कारंजं बांधलं, ते पहिल्या दिवशी उडालं तेवढंच! बँडवाल्यांसाठी चौथरा केला, त्यावर आम्ही बायका शेवया वाळवायचो. झाडं मात्र जगली, ती धुळामुळं. हा जतकडचा धनगर, दुष्काळात मेंढरं गेली म्हणून माळी झालेला. घागरी वाहून त्यानं बकुळी वाढवल्या. राखणही तोच करायचा.

साल त्रेचाळीस. माझा धाकटा भाऊ मदन चलेजाव चळवळीपायी सातारा जिल्ह्यातून फरारी होता. आमच्या दाराशी शिपाई बसलेले, म्हणून तो पंधरवड्यानं बागेत यायचा, माझ्याकडून दशम्या नि धुतलेला सदरा घेऊन जायचा. तो पकडला जाईल या धास्तीनं मला अन्न गोड लागत नव्हतं.

आणि हा धुळा फाटकाशी बसून काय करायचा? माणूस आत आला की एक खडा डाव्या खिशातून उजव्या खिशात. माणूस बाहेर गेला की खडा परत डाव्यात. बघितलं नि मी तडक त्याच्यापुढं जाऊन उभी राहिले.

"कुणासाठी मोजतोस रं माणसं?"

"आवं आक्का, मेंढरं कोंडताना मोजायची सवय हाय. हितं कुनी आत ऱ्हाऊ नये म्हून मोजतो, मग कुलूप लावतो."

"मेंढरं! मला शिकवतोस व्हय?"

तो हसला. त्या हसण्यानं तर माझी खात्रीच पटली. दुसऱ्या दिवशी बागेचे मुकादम दादासो यांना गाठलं नि सांगितलं, हा पोलिसांचा खबऱ्या आहे. त्या दिवसांत खबऱ्या म्हटलं की भल्याभल्यांची गाळण उडायची. चार दिवसांत धुळा गेला. जाताना बकुळींना पाणी घातलं, माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. बघ की मेल्या, म्हटलं, कसा पकडला!

त्याच्या जागी कृष्णात आला. मदन त्या खेपेला उशिरा पोचला. आम्ही जैन, दिवस मावळायच्या आत जेवणारे. वाट बघून बघून मी घरी परतले होते. तो तापानं फणफणलेला, चौथऱ्यामागं आडवा झाला नि तिथंच डोळा लागला. हे त्यानं पुढं तुरुंगातून कळवलं.

सकाळी कृष्णातनं "चोर, चोर!" म्हणून गल्ली उठवली. आमच्याच दाराशी बसलेले शिपाई धावले. मदनला बेड्या घालून माझ्यासमोरून नेला. त्यानं ओळख दाखवली नाही, मलाही दाखवता आली नाही.

ते वळणाआड गेल्यावर मी कृष्णातच्या अंगावर धावले. "मेल्या, कुलूप लावताना आत कोण राहिलंय बघायचं न्हाई व्हय?"

बिचारा गांगरला. "आवं आक्का, पयल्याच दिवशी तुमीच म्हनला की, मानसं मोजत बसलास तर तुलाबी काढीन म्हून."