ज्वाकिमचा सिनेमा आणि माझे दोन शब्द

सांगायलाही लाज वाटते, पण चहा टाकलाच आहे तर ऐका. एका माणसाच्या अख्ख्या करिअरचं मी एका दुपारी वाटोळं केलं. तेही त्याचा सत्कार करून!

इथे कॅनडात, किचनरला आमच्या शेजारी ज्वाकिम राहायचा. पोर्तुगीज. तरुणपणी लिस्बनमध्ये सिनेमे काढायचा. पहिल्यावर तिथल्या हुकूमशाही सरकारने बंदी घातली, दुसऱ्याकडे कुणी फिरकलं नाही. मग इथे येऊन बिचाऱ्याने जन्मभर लोकांच्या वॉशरूममध्ये टाइल्स बसवल्या. उतारवयात पदरमोड करून तिसरा काढला, तो कुठेच लागला नाही. आणि आता डॉक्टरांनी हात टेकले होते.

"लोक तो बघतायत, एवढं एकदा मला बघायचंय," तो मला म्हणाला.

मी मराठी मंडळाचा कायमचा सूत्रसंचालक. म्हटलं, "डोन्ट वरी! लायब्ररीचा हॉल बुक करतो."

हॉल भरला हो! आता मला सांगा, पाहुणा आला की परिचय नको? शाल-श्रीफळ नको? स्वागतगीत तर हवंच! ते सगळं झाल्यावर मी माईक धरला. पोर्तुगालपासून सुरुवात केली, मध्येच गोव्याला जाऊन आलो. बंदीपाशी तर मी खिशातला रुमालच काढला. टाळ्या पडल्या, मला आणखी चेव चढला.

"अहो, आटपा आता!" पहिल्या रांगेतून बायको.

"अगं, त्याला इंग्लिशमध्ये सांगायचं राहिलंय!"

मग सगळं पुन्हा इंग्लिशमध्ये. ज्वाकिम मांडीवर नारळ घेऊन कोऱ्या पडद्याकडे बघत बसलेला.

शेवटी मी दिवे घालवायला सांगितले, तर लायब्ररीची बाई दारात उभी. "सॉरी फोक्स, वी आर क्लोजिंग." मी गयावया केली. पण इथे पाच म्हणजे पाच!

गाडीत ज्वाकिम म्हणाला, "लिस्बनमध्ये माझा सिनेमा थांबवायला पोलिस लागले होते. तू एकट्याने थांबवलास." हसला, आणि मग बराच वेळ खोकत राहिला. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पुढच्या महिन्यातला हॉल मिळाला. ज्वाकिम तेवढा थांबला नाही.

फ्युनरल होममध्ये त्याच्या मुलीने तो सिनेमा लावला. मी मागे उभा राहिलो. एक म्हातारी समुद्राकाठी कपडे वाळत घालते, वारा सुटतो, एक शर्ट उडून जातो. ती नुसती बघत राहते. माझे डोळे भरून आले. तेवढ्यात दिवे लागले.

मी हळूच मुलीला विचारलं, "इंटरव्हल?"

"नो, अंकल. दॅट्स द होल फिल्म. ट्वेल्व्ह मिनिट्स."

बारा मिनिटं! अहो, 'मी फार वेळ घेणार नाही' हे सांगायलाच मला त्याहून जास्त लागली होती.