हप्ता तोच आहे

आमच्या घरात कागदाला फार मान आहे. बाबा दिल्लीत एका मंत्रालयात कारकून म्हणून लागले आणि सेक्शन ऑफिसर झाले. सगळी नोकरी दुसऱ्यांच्या फायली वाचण्यात गेली. सरोजिनी नगरच्या आमच्या सरकारी क्वार्टरमध्ये विजेच्या बिलालाही स्वतंत्र फाइल आहे. आलेला प्रत्येक कागद बाबा चष्मा लावून वाचतात, डाव्या समासात निळ्या शाईने शेरा मारतात आणि खाली छोटी सही ठोकतात. 'कार्यवाही करावी' हा एक शेरा. 'सूचनार्थ, फाइल करावे' हा दुसरा. लग्नाच्या पत्रिकाही त्यातून सुटत नाहीत. लांबच्या नातेवाइकांच्या पत्रिका सूचनार्थ असतात.

पुढचं सगळं त्या दुसऱ्या शेऱ्यामुळे झालं. आणि माझ्यामुळे. माझा वाटा मी झाकणार नाही.

निवृत्त झालं की क्वार्टर सोडावं लागतं. काही महिने मिळतात, मग सामान उचलायचं. सबंध नोकरी दिल्लीच्या मधोमध काढायची आणि शेवटी जाऊन पडायचं शहराच्या कडेला. बाबांनी छप्पन्नाव्या वर्षी ग्रेटर नोएडा वेस्टला चौदाव्या मजल्यावर फ्लॅट घेतला. त्यांच्या एकट्याच्या नावावर बँक वीस वर्षांचं कर्ज देईना, म्हणून पहिलं नाव माझं लागलं. मी चोवीस वर्षांची होते, गुडगावच्या कंपनीतल्या नोकरीला तिसरा महिना लागला होता. चाळीस लाख, दोनशे चाळीस हप्ते, महिन्याला एकतीस हजार बारा रुपये. बँकेच्या माणसाने कागदांचे कोपरे दुमडून आणले होते. मी फक्त विचारलं, कुठे कुठे करायची. तीसेक सह्या केल्या असतील. एक ओळ वाचली नाही.

आणि हीच मी रविवारी लोकांना सांगत फिरत होते की वाचल्याशिवाय सही करू नका.

आमचा घर घेणाऱ्यांचा एक मंच आहे. बिल्डरने पैसे घेतले आणि घर दिलं नाही, अशा माणसांचा. आम्हाला ताबा मिळाला होता, तरी मी त्यात होते. त्यांची पत्रकं मी लिहायचे, हिंदीत. पहाडगंजला एका बोळात छापून घ्यायची, पाठीवरच्या पिशवीत कोंबायची आणि साइटच्या फाटकावर उभं राहून वाटायची. मराठी शाळेत शिकलेल्या मुलीचं हिंदी बाजारातलं होतं, आणि पत्रकाला तेच लागतं. मला ते काम आवडायचं. ऑफिसात मी पाच दिवस अशा गोष्टींच्या स्लाइड्स बनवते ज्या कुणाला नको असतात. मंचाने मला पूर्णवेळ यायला विचारलं होतं. पगार निम्म्याहून कमी. मी हो म्हणणार होते. हिशोब केला होता ना: निवृत्तीनंतर अर्धा हप्ता बाबा पेन्शनमधून देतील, अर्धा मी. सतरा वर्षं राहिलीत, ओढत नेऊ. घरात सांगायला फक्त चांगला दिवस शोधत होते.

तेवढ्यात एका फाटकावर एक शिक्षिका भेटल्या. गाझियाबादच्या. त्यांना पत्रक नको होतं, बँकेचं पत्र समजून घ्यायचं होतं. पत्रात लिहिलं होतं, व्याजदर वाढला आहे, आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल नाही, कर्जाचा कालावधी सुधारित करण्यात आला आहे. खाली नवा आकडा, महिन्यांत. मी तिथेच फोनवर भागाकार केला. त्यांच्या कर्जाची नऊ वर्षं वाढली होती. बाई म्हणाल्या, "लेकिन किस्त तो वही है ना?" मी त्यांना काय उत्तर दिलं ते आठवत नाही. डोकं गरम झालं होतं एवढं आठवतं. माणसाच्या आयुष्यातली नऊ वर्षं काढून घ्यायची आणि त्याला 'सुधारित' म्हणायचं.

परत येताना मेट्रोत उभ्या उभ्या मी नवं पत्रक लिहायला घेतलं. मयूर विहारला गाडी बदलेपर्यंत मथळाही झाला. नमुना म्हणून खरं पत्र छापायचं होतं. बाईंचं कसं मागणार? म्हटलं, आपल्याकडेही आलं असेल की. बाबांच्या फायलीत सगळं असतं.

होतं. चार पत्रं होती. व्यवस्थित पंच केलेली, टॅगमध्ये ओवलेली, तारखेच्या क्रमाने. चारही पत्रांच्या डाव्या समासात निळ्या शाईने लिहिलेलं: सूचनार्थ, फाइल करावे. खाली छोटी सही.

शेवटच्या पत्रात उरलेले हप्ते होते तीनशे सत्तेचाळीस.

मी ते पलंगावर बसून वाचलं, मग उठून वाचलं, मग गच्चीवर जाऊन वाचलं. दोनशे चाळीस होते. छत्तीस आम्ही भरले. उरायला हवे होते दोनशे चार. तीन वर्षं भरून आम्ही जिथून निघालो होतो त्याच्याही मागे गेलो होतो. अकरा लाख सोळा हजार रुपये दिले होते आणि मुद्दल उतरलं होतं पावणेदोन लाखांनी. बाकीचं सगळं व्याज. उरलेले हप्ते तसेच भरत राहिलं तर आणखी एक कोटी सात लाख. कर्ज संपेल तेव्हा मी छप्पन्न वर्षांची असेन. बाबा ज्या वयात फ्लॅट घ्यायला निघाले, नेमक्या त्याच वयात मी त्याचं कर्ज फेडून मोकळी होणार होते.

खाली आले. बाबा बातम्या बघत होते. मी फाइल त्यांच्या मांडीवर ठेवली आणि जे बोलायला नको ते बोलले. म्हटलं, सगळी नोकरी सरकारचे कागद वाचले, घरचे चार वाचता आले नाहीत तुम्हाला.

बाबा चिडले नाहीत. त्यांनी चष्मा पुसला, पहिलं पत्र परत वाचलं, शांतपणे, ओळीखाली बोट ठेवून.

"हप्त्यात बदल नाही असं लिहिलंय," ते म्हणाले. "आपल्याकडून काही मागितलेलं नाही. ज्या पत्रात काही मागितलेलं नाही, ते सूचनार्थ."

"बाबा, पान उलटा."

त्यांनी उलटलं. मागच्या बाजूला बारीक अक्षरात होतं: हप्ता वाढवून मूळ कालावधी कायम ठेवायचा असल्यास कर्जदाराने लेखी कळवावे. चारही पत्रांच्या मागे तेच. बँकेने सगळं सांगितलं होतं. पुढच्या बाजूला धीर देणारं, मागच्या बाजूला खरं. मला तोवर वाटत होतं की कुणीतरी आम्हाला फसवलंय. त्या बारीक अक्षरांनी माझा तो आधारही काढून घेतला.

बाबांनी पान परत सरळ केलं. मग म्हणाले, "पत्रं तुझ्या नावाने आली होती. तू पहिली कर्जदार."

ते टोमणा मारत नव्हते. फायलीत जे होतं ते वाचून दाखवत होते. पण मला लागलं ते लागलंच. पाकिटावर माझं नाव, आणि तीन वर्षांत मी एकही पाकीट उघडलं नव्हतं. बँकेचं पत्र आलं की बाबांच्या टेबलावर ठेवून पुढे जायचे. माझी शेरा मारण्याची पद्धत तेवढीच.

आई स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून ऐकत होती. ती म्हणाली, "दोघांचं झालं असेल तर सांगा, किती वाढवला की ठीक होईल?"

हा प्रश्न आम्हा दोघांनाही सुचला नव्हता. मी आकडे मांडले. दोनशे चार महिन्यांतच संपवायचं तर हप्ता छत्तीस हजार सहाशे पंचाहत्तर. म्हणजे महिन्याला साडेपाच हजारांहून थोडे जास्त. तेवढे दिले तर पुढच्या पैशांतले जवळजवळ तेहतीस लाख वाचत होते. मी दोनदा ताळा केला, कारण विश्वास बसेना. पहिलं पत्र आलं तेव्हाच वाढवला असता तर आणखी कमी लागले असते. तेवढे पैसे आमच्याकडे दर महिन्याला होते. ते कुठे जात होते, सांगू? निम्मे तरी माझ्या गुडगावच्या कॅबमध्ये.

आईने फक्त एवढंच म्हटलं, "अच्छा. म्हणजे पैसे नव्हते असं नाही. कुणी विचारलं नव्हतं."

येणारा शनिवार महिन्यातला दुसरा, बँकेला सुट्टी, म्हणून त्यानंतरच्या सोमवारी दोघांनी रजा टाकली. बाबा ऑफिसला जातात तसाच इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. आदल्या संध्याकाळी त्यांनी अर्ज लिहिला होता, दोन पानी, परिच्छेदांना क्रमांक घालून, विषय आणि संदर्भासकट. काउंटरवरचा मुलगा माझ्याच वयाचा असेल. त्याने आधी तेच विचारलं, किस्त तर तीच आहे, मग अडचण काय? मी तोंड उघडलं. माझ्याकडे एक अख्खं पत्रक तयार होतं, आणि मागे रांगेत बारा-पंधरा माणसं ऐकायला होती. बाबांनी माझ्या मनगटावर हात ठेवला.

"दिक्कत हमारी है," ते त्याला म्हणाले. "आपने तो लिखा था."

त्या मुलाने अर्ज घेतला, वजन केल्यासारखा हातात धरला आणि म्हणाला, "सर, इतना लिखने की ज़रूरत नहीं थी. इसका फॉर्म है." एक पान होतं. चार रकाने, दोन सह्या. सात मिनिटं लागली. तीन वर्षं आणि सात मिनिटं. फॉर्म मागितल्याशिवाय कुणी देत नाही, आणि तो आहे हे माहीत नसेल तर मागणार कोण? बाबांनी फॉर्म पहिल्या शब्दापासून शेवटपर्यंत वाचला, मग मला दिला आणि मी वाचेपर्यंत पेन दिलं नाही. रांगेतला एकजण म्हणाला, "अंकलजी, जल्दी." बाबा हलले नाहीत.

परतताना रिक्षात त्यांनी सांगितलं की निवृत्तीचे पैसे आले की त्यातले आठ लाख मुद्दलात टाकू. तेव्हा सगळं पावणेअकरा वर्षांत संपेल, हे त्यांनी रात्रभरात स्वतः काढलं होतं, कागदावर. मी म्हटलं, ते आईच्या स्वयंपाकघराचे आहेत. फ्लॅटचा ताबा मिळाल्यापासून दर रविवारी बाबा तिकडे जाऊन झाडून येतात, नळ सोडून बघतात, आणि आई ट्रॉल्यांची, टाइल्सची कात्रणं जमवते. क्वार्टरमध्ये खिळा ठोकायलाही परवानगी लागत होती. स्वतःचा ओटा हे तिचं एकच मागणं होतं.

घरी आल्यावर आईने ऐकून घेतलं. "ओटा आहेच की तिथे," ती म्हणाली. "काळा दगड आहे. गॅस बसतो." मग बाबांकडे बघून, "पण ह्यापुढे ज्याच्यावर सूचनार्थ लिहाल, ते आधी मला दाखवायचं."

कात्रणांचा डबा तिने टाकला नाही. पलंगाखाली सरकवला.

आता माझं. वाढलेला हप्ता माझ्या पगारातून जातो. मंचाच्या पगारात तो बसत नाही, कसाही मांडला तरी. बाबा म्हणाले, तू जा, मी बघतो, पेन्शन आहे. मी त्यांना पेन्शनचा आकडा विचारला, औषधांचा विचारला, सोसायटीच्या देखभालीचा विचारला. मग त्यांनी पुन्हा तो विषय काढला नाही. मी मंचाला नकार कळवला. फोनवर पलीकडून म्हणाले, कोई बात नहीं यार, रविवार तो है. हो, आहे. पण मला सातही दिवस हवे होते, आणि ते मी चोविसाव्या वर्षी दुमडलेल्या कोपऱ्यांवर देऊन टाकले होते. हे लिहितानाही माझा राग बसत नाही. कधी बँकेवर असतो, कधी त्या बारीक अक्षरांवर. जास्त करून त्या मुलीवर, जिने विचारलं होतं, कुठे कुठे करायची.

पत्रक मी पूर्ण केलं. आमचंच पत्र छापायचं ठरलं, नाव आणि खाते क्रमांक झाकून. बाबांना दाखवायला गेले तेव्हा समासातला शेराही मी पांढऱ्या पट्टीने झाकला होता. त्यांनी मजकूर वाचला, हिंदीच्या दोन चुका काढल्या, आणि त्या पट्टीवर बोट ठेवलं.

"हे का झाकलंस?"

मी म्हटलं, तुमचं अक्षर आहे.

"तेच छाप," ते म्हणाले. "लोकांना तेच बघायला हवं."

त्या रविवारी ते माझ्याबरोबर आले. मेट्रोने सेक्टर बावन्नला उतरून शेअर ऑटोने आम्ही आमच्याच सोसायटीच्या फाटकावर गेलो. मी नेहमीसारखी ओरडून वाटत होते. बाबा कडेला सावलीत उभे होते, प्रत्येकाला एकच पत्रक देत होते, देताना ते उलटं करून मागची बाजू वर धरत होते. एकाने न बघता घडी घालून खिशात टाकलं. बाबा त्याच्या मागे दहा पावलं गेले.

"भाईसाहब, ये सूचना के लिए नहीं है," ते त्याला सांगत होते. "इस पर कार्रवाई करनी है. किस्त मत देखिए, महीने देखिए."

तो माणूस थांबला. खिशातून पत्रक काढलं.

दुपारी आम्ही वर चौदाव्या मजल्यावर गेलो. बाबांनी झाडू घेतला. मी काळ्या ओट्यावर बसून फोनवर खातं उघडलं. उरलेले हप्ते दोनशे तीन. मी पुन्हा एकदा बघितलं, बंद केलं, परत उघडलं. मग सोमवार सकाळची साडेसातची कॅब मी रद्द केली आणि मेट्रोचं कार्ड भरलं.