खरी नक्कल, औषधं पाच

जमिनीच्या कागदांच्या नकला करण्यात माझी चोवीस वर्षं गेली. ऑफिस पोलादपूरला, घर नात्याला, मध्ये महाडला एसटी बदलायची. काम सोपं. मूळ कागदावर असेल तसं उतरवायचं, चूक असली तर चुकीसकट. मग रुजुवात घ्यायची, म्हणजे एकाने मूळ मोठ्याने वाचायचं आणि दुसऱ्याने नकलेवर टिंब देत जायचं. खाली 'खरी नक्कल' लिहून सही. आणि नक्कल मागणाऱ्याला ती कशाला हवी हे कधी विचारायचं नाही. चोवीस वर्षांत माझ्या सहीखालचा एक आकडा खोटा निघाला. तो जमिनीचा नव्हता, औषधांचा होता, आणि निघाला घरच्या गणपतीत.

सन दोन हजार उलटून थोडी वर्षं झाली होती. मुलगी अकरावीत. अभ्यासासाठी म्हणून घेतलेल्या कॉम्प्युटरवर ती एक खेळ खेळे. त्यात एक बाई तलवार घेऊन गावोगाव हिंडते, राक्षस मारते आणि लोकांच्या पेट्या न विचारता उघडते. शिवाय केबलवर हिंदीतून जपानी मालिका लागत. त्यांना ॲनिमे म्हणायचं, कार्टून म्हटलं की घरात दोन दिवस अबोला. तिची लाडकी मालिका उडत्या जहाजावरच्या एका स्वयंपाकिणीची. एकूण भाग सव्वीस. तिने एकोणीस पाहिले. जहाज डोंगरावर आपटणार एवढ्यात केबलवाल्याने ते चॅनल काढून भजनाचं चॅनल दिलं. पुढचे आठ महिने ते जहाज आमच्या घरात तसंच लोंबकळत होतं. "आपटलं असेल," असं मी एकदा म्हणालो, तर पोरगी जेवली नाही.

उरलेले सात भाग माझ्या मुंबईच्या भावाच्या मुलांकडे सीडीवर होते. ती मुलं गणपतीला सीडी प्लेअर घेऊन यायची. पण टीव्ही एक, दिवस पाच आणि शेजारची धरून पोरं नऊ. भावाच्या थोरल्याने तोडगा काढला. इंटरनेटवर म्हणे चाहते वर्षातलं आवडतं ॲनिमे मतांनी निवडतात, तसं आपणही निवडू. जे निवडून येईल तेच पाचही दिवस लागेल. तो स्वतः लोखंडी राक्षसांच्या मालिकेच्या पक्षाचा. ते राक्षस एकमेकांना बडवतात, बाकी काही करत नाहीत. निवडणूक अधिकारी मी, कारण आंबेनळीच्या बाजूला एका डोंगरातल्या केंद्रावर मी मतदानाची ड्यूटी केली होती.

गणपतीच्या आधी पंधरा दिवस मुलगी म्हणाली, "बाबा, महाडच्या सायबर कॅफेत एका साइटवर त्या खेळातल्या वस्तूंचे कोड मिळतात, कोड घातला की वस्तू फुकट. उतरवून आणाल? तुमच्याइतकं बिनचूक कोणाला जमत नाही."

मला कामाला लावायचं असेल तर हे एवढंच म्हणावं लागतं.

"आणि चार प्रती करा."

कारण विचारलं नाही. सवय.

कोड एकतीस होते. प्रत्येकात बारा अक्षरं-आकडे. ऑफिसातले एक सहकारी एसटीला बरोबर असत, त्यांना कॅफेत बसवून मी रीतसर रुजुवात घेतली. ते जमिनीचे गट नंबर वाचावेत तशा आवाजात जादूची तलवार आणि विषावरचा उतारा वाचत होते, आणि अख्खा कॅफे आमच्याकडे बघत होता.

घरी कार्बन घालून पक्क्या प्रती करायला बसलो तेव्हा माझ्या लक्षात आलं की औषधांच्या कोडमध्ये शेवटचे दोन आकडे ६३ आहेत. मुलीने सांगितलं की त्या पद्धतीत मोजणी सोळाच्या पटीने चालते, सहा सोळे शहाण्णव आणि तीन, म्हणजे औषधाच्या नव्व्याण्णव बाटल्या. ताळा मी करून पाहिला, बरोबर होता. पण नव्व्याण्णव? आमच्या घरात तापाच्या गोळ्या चाराच्या वर नसतात. फसवून जिंकायचंच तर माफक तरी फसवावं, असं मनात आलं, आणि मी ६३ च्या जागी ०५ लिहिलं. रुजुवात होऊन गेलेली होती. सवयीने खाली 'खरी नक्कल' लिहिलं आणि सही ठोकली. चारही प्रतींवर.

चतुर्थीला दुपारची जेवणं झाल्यावर मतदान घेतलं. बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्याला लाखेने सील. लाख मी स्वतःची आणली होती, ऑफिसची नव्हे. बोटाला शाई. एकाने न्हाणीघरात बोट धुऊन दुसऱ्यांदा मत द्यायचा प्रयत्न केला, त्याला परत पाठवला. मोजणी दोनदा केली. स्वयंपाकीण पाच, राक्षस चार. मुलगी माजघरातच नाचली. संध्याकाळच्या आरतीनंतर विसावा भाग लागायचा होता.

आरतीच्या आधीच वरच्या वाडीतली, मुलीच्या वर्गातली शेजारीण कॉम्प्युटरवरून उठून माझ्याकडे आली. हातात कार्बनची प्रत.

"काका, ही सही तुमचीच हाय ना?"

"माझीच."

"मंग औषधं पाचच कशी? तुमची पोरगी बोलली नव्व्याण्णव. त्याच्यावर तर मत दिलं मी!"

चार प्रती, चार मतदार, आणि पाचवं मत मुलीचं स्वतःचं. माझा हिशेब पटकन जमला. दुर्दैवाने थोरल्या पुतण्याचाही जमला.

"काका, ये तो सेटिंग है! लाच वाटली, आणि लाच छापली कोणी? इलेक्शन ऑफिसरने!"

मी मुलीकडे वळलो. "तू मतं विकत घेतलीस?"

तिला लाज वाटल्याचं काही दिसलं नाही. "तुम्ही आकडा बदललात? बाबा, तुम्ही?"

"तुझ्या भल्यासाठी."

"खाली खरी नक्कल लिहून?"

बायको तळण सोडून झारा हातात घेऊनच बाहेर आली. "चोवीस वर्षं ऐकतेय मी, माझ्या सहीखाली टिंबही बदलत नाही म्हणून. हिची निवडणूक रद्द. आणि अहो, तुम्हीही रद्द. पुन्हा मतदान मी घेईन, हात वर करून. पण त्याआधी तुम्ही नऊही पोरांना खऱ्या नकला करून द्यायच्या, नव्व्याण्णववाल्या. सगळ्यांना सारख्या, म्हणजे लाच राहणार नाही."

बसलो. रुजुवात बायकोनेच घेतली, प्रत्येक ६३ ला माझ्याकडे बघत.

फेरमतदानात राक्षस सात, स्वयंपाकीण दोन. दुसरं मत त्या शेजारणीचं. "मी एकदा बोलले ते बोलले," ती म्हणाली. मुलगी फुलपात्रातलं पाणी पीत राहिली, पाणी संपल्यावरही.

आरती झाली. राक्षसांची सीडी लागली. आणि पाच मिनिटांत टीव्हीसमोर कोणीच उरलं नाही. नव्व्याण्णव औषधांचे कागद घेऊन सातही जण कॉम्प्युटरच्या खोलीत नंबर लावून बसले होते. पुतण्या सगळ्यांत पुढे. राक्षस रिकाम्या सतरंजीपुढे एकमेकांना बडवत होते.

मुलगी दारात उभी राहिली. "बाबा, निवडून आलंय ते बघायला माणूसच नाही. सीडी बदलू?"

"नियमात बसत नाही," मी म्हणालो. मग मला ग्रामसभा आठवली. "थांब. नऊ जणांच्या सभेला हजर तू एकटी. गणपूर्ती नाही म्हणून सभा अर्धा तास तहकूब. आणि तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे अर्ध्या तासाने जे हजर असतील ते ठरवतील."

मी घड्याळ लावून अर्धा तास मोजला. मिनिटही सोडलं नाही. हजर दोघी, मुलगी आणि शेजारीण. ठराव एकमताने झाला आणि मी विसाव्या भागाची सीडी घातली.

जहाज डोंगराला घासून गेलं. आपटलं नाही. सातही भाग आम्ही पाच दिवसांत पाहिले. त्या जहाजावर तांदळाचं पोतं एकच होतं, ते पुरलं कसं, हे मी विचारलं.

"बाबा, गप्प बसा," मुलगी म्हणाली. ती रडत होती, म्हणून पुन्हा विचारलं नाही.