कोरडा कप

नात वरूडची संत्री सोलायला बसली, की त्या वासानं माझा घसा कोरडा पडतो.

मी शाळेत असताना एका हंगामात आमच्या दलित बोर्डिंगच्या फुटबॉल संघानं अकोल्यात अंतिम सामना जिंकला. जिंकलेल्या पितळी कपात संत्र्याचं सरबत ओतायचं, पहिला घोट जिंकणाऱ्यांनी घ्यायचा आणि मग त्याच कपातून हरलेल्यांनी प्यायचं, अशी तिथली रीत. सरबताची बादली समोरच होती. पण आमचं उष्टं प्यावं लागणार म्हटल्यावर ओतायला कोणी उठलंच नाही. बघता बघता मैदान ओस पडलं.

आमचा कप्तान नामदेव. त्यानं कोरडाच कप तोंडाला लावला, डोळे मिटून घोट घेतला आणि माझ्याकडे दिला.

"घे, लय गोड हाये."

नात फोड भरवत विचारते, "आबा, गोड हाये का?"

जिभेवर पितळ उतरतं.

"लय गोड हाये," मी म्हणतो.